मडी फोर्कच्या मंडळीत शांती

नाही, मी उठणार नाही, आणि तूही असा दारात उभा राहू नकोस लेम्युएल, वारा आत येतोय — ये, बस, ती कणसं ओढ पुढे आणि दाणे काढ. हात रिकामे ठेवून माझ्या घरात कोणी बसत नाही, चर्चच्या मंडळीचा कारभारी, डीकन असला तरी नाही. बोलशील रे, बोलशील, घाई काय? तुझं बोलणं मला पाठ आहे. ओबडाया स्टॅम्परने पाठवलंय ना? आधी एकाने एकांतात जाऊन समजवायचं, नाही ऐकलं तर दोघांनी जायचं, मग मंडळीपुढे उभं करायचं — शास्त्रातला नेम मला ठाऊक आहे. मी स्वतः वाचलाय तो, विस्तवाच्या उजेडात एकेक अक्षर जुळवून, शाळेचं तोंडही न बघता. तर तू पहिला. बरं झालं तुलाच पाठवलं, दुसरा कोणी असता तर अर्धे दाणे जमिनीवर सांडले असते.

आणि लोक काय म्हणतात ते सांगू नकोस, तेही मला ठाऊक आहे. म्हातारी रोडा क्रॅब्ट्रीने मंडळी अडवून धरलीय, उन्हाळ्यापासून भाकर मोडून प्रभुभोजन झालेलं नाही, बायका माझ्याकडे पाठ करून बसतात, त्या टॅबिथाने तर माझ्या शेजारचा बाकच सोडला — सोडू दे, तिच्या गुडघ्यांना तेवढंच चालणं. हो, अडवलीय! दर महिन्याच्या सभेला, शनिवारी, व्यासपीठावरून विचारतात, मंडळीत सगळे शांतीत आहात का, आणि मी उठते आणि म्हणते, मी नाही. बस, एवढंच. आणि एकही जण शांतीत नसेल तर भाकर मोडायची नाही, हा रिवाज मी काढला का? आपल्या बापांनी काढला. व्हर्जिनियात त्यांना तुरुंगात टाकलं तेव्हा त्यांनी गजांमधून उपदेश केला, आणि डोंगर ओलांडून इथे केंटकीत आले तेव्हा ना धड नांगर आणला ना धड भांडी, हा रिवाज तेवढा आणला. तुमच्या त्या विधिमंडळाच्या निवडणुकीत मला तोंड नाही. कचेरीपुढे तुम्ही पुरुष ओरडून मतं देता तेव्हा मी बाहेर चिखलात घोडे धरून उभी असते. पण मंडळीत मला तोंड आहे. एकच जागा आहे लेम्युएल, ती सोडू म्हणतोस?

आणि ओबडाया काय होता रे! तू आलास नंतर, तुला काय माहीत. इथे देऊळ नव्हतं, छप्पर नव्हतं, नुसतं तोडलेल्या झाडाचं खोड — त्यावर उभा राहून सांगायचा, माणसाने माणूस विकणं हे पाप आहे, आणि असं सांगायचा की ज्यांच्या घरी गुलाम होते ते मधूनच उठून जायचे. तेव्हा मला वाटायचं, हा माणूस गेला तर आपण कुणाकडे बघायचं? आणि आता? कायदा म्हणतो, पाळकाने विधिमंडळात बसायचं नाही — तर पठ्ठ्याने पाळकपणच उतरवून ठेवलं, ओले बूट उतरवावेत तसं! राजधानीला, फ्रँकफर्टला जायचंय ना. मग निवडणूक तोंडावर आली, म्हणजे गिरणीपाशी व्हिस्कीचं पिंप आलं, खड्ड्यात भाजलेला बैल आला — कोरड्या घशाने कोण मत देतो? — आणि पिंपाला आणि बैलाला पैसा कुठून, तर चॅरिटीला विकून. नदीला पाणी चढलं की बोटवाल्याच्या हवाली, खाली नॅचेझच्या गुलामांच्या बाजाराला.

असं कसं बघतोस? तिचं नाव काढायचं नाही असं ठरलंय का तुमच्यात? त्याच्या बायकोबरोबर आलेली गुलाम असेल ती, पण मंडळीत आपली भगिनी आहे. तिचा आणि माझा बाप्तिस्मा एकाच दिवशी झाला, कुऱ्हाडीने बर्फ फोडून, आणि याच ओबडायाने आम्हाला पाण्यात घातलं. बाहेर आलो तर घोंगडी एकच — दोघी तिच्यात, दात वाजतायत, आणि ती हसतेय, म्हणते, भगिनी रोडा, सैतान बुडाला की नाही माहीत नाही, पण गारठला नक्की. तिचा नवरा आयझम तिकडे गिरणीवर, दुसऱ्याच मालकाचा. रविवारचा दिवस तेवढा दोघांचा. तोही काढून घेणार.

परवाच तर ती इथे — नाही, ते राहू दे. ते तुझ्यासाठी नाही. ... बरं, ऐक, ऐकच. आली होती ती, तू बसलायस तिथेच बसली. म्हणाली, भगिनी, तुम्ही शनिवारी उठता तेव्हा आमचा मालक माझ्याकडे बघतो. तुमच्याकडे नाही, माझ्याकडे. घरी आल्यावर आमच्याशी बोलत नाही, भांडी आपटतो. तुम्ही एकदा म्हणा शांती आहे म्हणून, त्याचं मन निवलं तर ठेवेलही मला. आणि मी काय म्हटलं असेल? म्हटलं, चॅरिटी, ही तत्त्वाची गोष्ट आहे! — असं म्हटलं मी, मोठ्या आवाजात. तिने माझ्याकडे असं बघितलं लेम्युएल, की जणू मीही त्याच्यासारखीच खोडावर उभी आहे. मग उठली, शाल गुंडाळली आणि गेली.

म्हणून सांगते ते नीट ऐक, आणि जसंच्या तसं सांग ओबडायाला. या शनिवारी मी उठणार नाही. विचारतील, शांतीत आहात का, मी खाली बघून बसेन, हवं तर मोठ्याने हो म्हणेन. मोडा भाकर, प्या द्राक्षारस, सगळ्या तालुक्याला दाखवू दे त्याला की मंडळी त्याच्या पाठीशी आहे. फक्त चॅरिटीला ठेव म्हणावं. एवढंच. रोडा क्रॅब्ट्री हात जोडतेय म्हणावं — हे मी अजून कुणाला म्हटलेलं नाही, माझा नवरा हेझकाया मरत होता तेव्हाही नाही.

बोल ना. मघाशी तर बोलायची घाई होती.

काय म्हणालास? रोडाबाई?

बाई. ... इतकी वर्षं भगिनी होते मी तुझी.

केव्हा? गुरुवारी? पण गुरुवारी सभा कसली — आणि कुठे? त्याच्याच घरी. अच्छा. म्हणजे एकाने समजवायचं नाही, दोघांनी नाही, मला नुसतं बोलावणंही नाही. मंडळीतून नाव काढून टाकलं की झालं. सगळ्यांनी हात वर केले? टॅबिथाने केला असेल. आणि तू? — मान हलवू नकोस, तोंडाने सांग. ... तूही.

म्हणजे आता सगळे शांतीत. मी गप्प बसायला निघाले होते रे, आणि माझ्या गप्प बसण्याचीही तुम्हाला गरज उरली नव्हती.

आणि ती? लेम्युएल, वर बघ. नदी अजून कुठे चढलीय, इथे तर थेंब नाही — वर डोंगरात पाऊस पडला? कधी गेली बोट? ... आज सकाळी. ओरडली का? नाही? काहीच म्हणाली नाही? तुम्ही तिला काय म्हणालात, बोटीत चढवताना? भगिनी म्हणालात?

आणि आयझमला कुणी सांगितलं?

कुणीच नाही. म्हणजे तो आत्ता तिथे दळतोय, ओबडायाच्याच मेजवानीचं पीठ, आणि त्याला वाटतंय रविवार येणार आहे.

सरक, मला उठू दे. नाही, हात नको देऊस. मी जाते गिरणीवर, मी सांगते त्याला. मला कुणी अडवू शकत नाही, मी आता कुणाची कोणी लागत नाही. मी जाऊन त्याला सांगते की — सांगते की —

काय सांगू रे?

जा तू. जा, नीघ इथून.