म्हणून म्हैस खापरला राहिली

कुंदन : (मांडवामागे, सराव थांबवत) थांब, थांब. असं नही, माय. तू तं शाळामां प्रतिज्ञा म्हनी ऱ्हायनी.

ममता : आबांचंच वाक्य आहे ना, कुंदनकाका? ‘विनोद विसरलो, फक्त शेवट आठवतो. म्हणून म्हैस खापरला राहिली. सुरुवात कोणाला माहीत असेल तर सांगा.’ एक शब्द इकडचा तिकडे केला नाही.

कुंदन : तेच चुकनं. तुना आबा, मगनभाऊ, टोपी काढे, परत घाले, माइकलेच नमस्कार करे. मंग म्हने, ‘माफ करा, घरी चांगलं जमलं होतं.’ लोक हासनात का आखो एकदाव माफी मागे.

ममता : आणि सुरुवात कोण सांगायचं?

कुंदन : आख्खा मांडव सांगे! कोनी म्हने म्हैस रुसनी, कोनी म्हने तिले गुजरातनी हवा सोसेना, म्हनीसन शीववरना खापर गावलेच थांबनी. मगनभाऊ सगळासले म्हने, ‘माझ्यापेक्षा हे बरं आहे.’

ममता : खरी सुरुवात काय होती?

कुंदन : इतला वरीस मी त्याना माइक लावा, माले तरी कोठे सांगी?

ममता : काका, मला नाही जमणार. आबा गेले, सुतक फिटून गंधमुक्तीला महिनाही झाला नाही. हळदीच्या मांडवात मी उभी राहिले की बायका आधी डोळेच पुसतील.

कुंदन : मंग नही म्हनी देवानं व्हतं.

ममता : नवरीची आजी, धनुमावशी, स्वतः घरी आल्या. म्हणाल्या, मगननं या हळदीला यायचं कबूल केलं होतं, मांडव मुका राहिला तर त्याला बरं वाटणार नाही. आणि मलाही एकदा ऐकायचं होतं, लोक कसे हसतात ते. आबांनी मला कधी कार्यक्रमाला नेलंच नाही. म्हणायचे, ‘तू समोर असलीस तर मला खरंच लाज वाटेल.’

कुंदन : (बटण दाबून) जाय. माइक चालू शे.

(म्हसावद. हळदीचा मांडव. ममता माइकसमोर, धनुबाई पहिल्याच रांगेत.)

ममता : नमस्कार. मी मगनभाऊंची ममता. आज आबा येणार होते... म्हणजे, तुम्हाला माहीतच आहे. त्यांच्याऐवजी मी आले. तयारी केली होती. घरी तरी होती.

धनुबाई : हाय माय! बिचारी पोर!

ममता : आत्ताच बिचारी नका म्हणू, मावशी. विनोद अजून सांगायचाय. तो ऐकून म्हणा.

धनुबाई : अरे देवा! ही पोर तं बापवरच गयी!

ममता : छे हो, त्यांच्याइतकं वाईट मला कुठलं जमायला? त्यांचा सराव होता.

कुंदन : ममता, लोक हासी ऱ्हायनात! माफी माग, माफी!

ममता : हो, हो. माफ करा. पुन्हा करा... म्हणजे, पुन्हा माफ करा. मावशी, तुम्ही हसताय ना? तोंडाला पदर लावलाय, इथून कळत नाही.

धनुबाई : मालेबी कळी नही ऱ्हायनं, माय. तू बोल.