छापून मेलेली आय

माझं नाव फिलोमिना, सगळे फिलू म्हणतात, तू फिलूबाय म्हण, ते आन्टी-बिन्टी नको मला. वसईची मी. इकडे परदेशात, हॅमिल्टनला येऊन चाळीस वर्षं होत आली, नवरा स्टीलच्या कारखान्यात होता, मी हॉस्पिटलच्या लॉन्ड्रीत, पण कुणी विचारलं तर मी वसईचीच. आमची केळीची वाडी होती, पानवेली होत्या, आणि माझी आय लाल लुगडं नेसून डोक्यावर पाटी घेऊन बाजारात जायची. तू पुण्याची, तुला वाटेल ख्रिस्ती म्हणजे घरात इंग्रजी, पियानो. अगं, आमच्या आयला येस पण म्हणता येत नव्हतं. चर्चमध्ये मिस्सेला जायची, रोजरी म्हणायची, आणि बाकी सगळा वेळ चिखलात.

आम्ही दोघीच बहिणी. रेजिना मोठी, मी तिच्यापेक्षा सहा वर्षांनी लहान. रेजिना गोरी, घाऱ्या डोळ्यांची, आणि मी ही अशी, बघतेच आहेस. लग्नात बॅन्ड लागला की तिचे पाय थांबायचे नाहीत. अशाच एका लग्नाला मुंबईचा एक डान्समास्तर पाहुणा म्हणून आलेला, त्यानं तिला नाचताना बघितलं आणि बाबाला येऊन भेटला, सिनेमात घेतो म्हणाला. बाबा काठी घेऊन उठला. आय म्हणाली जाऊ दे तिला, वाडीत राहून काय होणार तिचं, माझ्यासारखं होणार. आयनं पाठवलं तिला, हे लक्षात ठेव, दुसऱ्या कुणी नाही.

पहिल्यांदा ती मागच्या रांगेत नाचायची. मग एका प्रोड्यूसरनं तिचे डोळे बघितले. म्हणाला हिला परदेशी करू या. पोर्तुगीज म्हणावं तर तेव्हा गोव्याचं सगळं ताजं होतं, लोकांना आवडलं नसतं, मग म्हणाला स्पॅनिश करू, स्पेनशी आपलं काही भांडण नाही. आणि नाव ठेवलं मिस व्हॅलेन्सिया. ते तर एका गावाचं नाव आहे, नकाशात बघून ठेवलेलं, उद्या कुणी मला मिस नालासोपारा म्हटलं तर कसं वाटेल? पण चाललं ते. केसात उभा कंगवा, हातात पंखा, लाल झालरीचा झगा, आणि लोक शिट्ट्या मारायला लागले.

मग एका मासिकात तिची कहाणी छापून आली, फोटोसकट. बाप स्पेनचा जहाजाचा कप्तान, आई तिथली मोठी नर्तकी, मुलीला जन्म देताना वारली. आमच्या शेजारच्या मास्तरणीनं ते आयला वाचून दाखवलं. आय भाजी निवडत होती. ऐकून घेतलं आणि म्हणाली, मेले का मी, बरं झालं, उद्यापासून पाटी उचलायला नको. आणि हसली. मीच रडले, ती नाही रडली. पण त्यानंतर आय कधी मुंबईला गेली नाही, रेजिनाकडे केळी पाठवायची झाली तर माझ्याबरोबर पाठवायची. वसईच्या थेटरात सिनेमा लागला तेव्हा मात्र गेली, पुढच्या बाकावर बसून बघितला, आणि घरी येऊन एवढंच म्हणाली, वाळली आहे पोर, जेवते की नाही कोण जाणे.

रेजिना कामाला खोटी नव्हती हां. खोटं बोलायचं तरी ते नीट बोलायचं असं तिचं. लायब्ररीतनं जाड जाड पुस्तकं आणायची, स्पेनचा सगळा इतिहास तोंडपाठ केला तिनं, तिथं मुसलमान राजे किती शतकं होते, मग राणीनं ते कसं जिंकलं, जहाजं कुठं कुठं पाठवली. मी केळी घेऊन गेले की मला समोर बसवून सांगायची. तो ग्रानाडाचा शेवटचा राजा, शहर सोडून जाताना डोंगरावर थांबला आणि मागे वळून बघून रडला, हे सांगताना ती स्वतः रडायची. मी म्हटलं, बाय, तुझं गाव इथून दोन तासांवर आहे, त्याच्याकडे बघून रड की. तिनं पुस्तक मिटलं. मग म्हणाली, फिलू, तुला नाही कळायचं, मी वळले तर परत पुढे नाही जाता येणार. नाहीच कळलं मला. अजून नाही कळत.

पुढच्याच वर्षी आयला कावीळ झाली, आणि पंधरा दिवसांत गेली. सकाळी गेली. बाबा म्हणाला तार नको, तू जा, तिला घेऊनच ये. मी स्टुडिओत गेले. रेजिना मेकअप करून बसलेली, तोच कंगवा, तोच झगा, आणि समोर पेपरवाले, तिचा पहिला हिरॉईनचा सिनेमा लागायचा होता. मी कानाशी जाऊन सांगितलं, आय गेली, चल. तिच्या तोंडावरचा रंगच एवढा होता, खाली काय झालं मला दिसलं नाही. एकानं विचारलं ही कोण. ती म्हणाली, आमच्या चर्चमधली मुलगी आहे. आणि मला हळूच आमच्या बोलीत म्हणाली, तू पुढे हो, मी येते, मी येईपर्यंत आयची पेटी बंद करू देऊ नको. जिची आई छापून मेली होती ती परत कशी मरणार, सांग मला? पेपरवाल्यांना काय सांगणार होती ती?

आम्ही थांबलो. सगळं गाव अंगणात उभं. मी फाटकाशी. फादर दोनदा आत येऊन गेले, तिसऱ्यांदा म्हणाले, बाय, आता पुरे, दिवस मावळला. पेटी बंद केली. ती आली नाही. पुढं तिची पत्रं आली, मी सगळी न फोडता परत पाठवली. देवासमोर सांगितलं, हिच्याशी या जन्मात बोलणार नाही.

आणि बोलले नाही बघ. माझं लग्न झालं, इकडे आले, मुलगा झाला. तिचे सिनेमे संपले, तिनं पण लग्न केलं आणि टोरोंटोला आली, हे मला गावाकडून कळलं. टोरोंटो म्हणजे इथून तासाभराचा रस्ता. चर्चमध्ये दर रविवारी शांतीची खूण म्हणून मी अनोळखी माणसांशी हात मिळवते, आणि सख्खी बहीण तासावर, मी गेले नाही. तिचा नवरा वारला तेव्हाही नाही गेले. हे पण लिही, माझं चांगलं तेवढं लिहू नको.

रिटायर झाल्यावर मी आमच्या पॅरिशच्या चर्चमधनं म्हाताऱ्या माणसांना कॉम्युनियन, म्हणजे मिस्सेतला पवित्र प्रसाद, द्यायला जायला लागले, एका लाँग टर्म केअरमध्ये, म्हाताऱ्यांना सांभाळतात तिथं. दोन वर्षांपूर्वीची गोष्ट. कॉम्युनियन द्यायला जाणाऱ्या आमच्या बायकांत एक कोलंबियाची आहे, ती मला म्हणाली, नवीन एक स्पॅनिश म्हातारी आलीय, टोरोंटोला बेड मिळाला नाही म्हणून इकडे पाठवलंय, मी बोलायला जाते तर तोंड फिरवते, तू बघ जाऊन. लिस्टवर नाव व्हॅलेन्सिया. काय सांगू तुला, मी कोट घातला आणि घरी निघाले. पार्किंगपर्यंत गेले. हातात कॉम्युनियनची डबी, ती तशीच घरी कशी नेणार? परत फिरले.

खोलीत भिंतीवर स्पेनचं मोठं चित्र, गिटारची सीडी लावलेली. नर्सबाया बिचाऱ्या चांगल्या, त्यांनीच केलेलं सगळं, फॉर्मवर तिनंच कधीतरी पहिली भाषा स्पॅनिश लिहिलेली होती ना. मला म्हणाल्या, हिला डिमेन्शिया आहे, बोलते ते स्पॅनिश पण नाही, नुसती बडबड असते, आणि सारखी बॅग भरून एलिव्हेटरपाशी जाऊन उभी राहते, आम्हाला वाटतं स्पेनला जायचं असेल तिला. आणि माझी बहीण, पांढरे केस, मुठीएवढी झालेली, विंटर कोट घालून, हातात बॅग घेऊन बसलेली. मला ओळखलं नाही तिनं. पण बोलली ती आमच्या गावच्या बोलीत. म्हणाली, बाय, गाडी किती वाजताय, आमची आय गेली, त्यांना सांग मी निघाले, पेटी बंद करू नका. तीन महिने ती हेच म्हणत होती आणि त्या अख्ख्या बिल्डिंगमध्ये कुणाला कळत नव्हतं.

मी काय केलं सांगू? मी म्हटलं, पेटी कधीच बंद केली. पन्नास वर्षं झाली. तू आली नाहीस. पन्नास वर्षं हे तिच्या तोंडावर बोलायचं होतं मला. तिनं माझ्याकडे बघितलं आणि अशी रडली, अशी रडली, आता या घडीला कळल्यासारखी. अर्ध्या तासानं विसरली. परत बॅग उचलली, गाडी किती वाजताय. दुसऱ्या रविवारी मी परत तेच सांगितलं, मुद्दाम. परत रडली. घरी येऊन मला जेवण गेलं नाही. पापच केलं ते मी, कन्फेशनला जाऊन फादरला सांगितलं.

मग मी नर्सला सगळं सांगून टाकलं, की ही स्पॅनिश नाही, वसईची आहे, माझी बहीण आहे. फॉर्म बदलला त्यांनी. भिंतीवरचं चित्र काढायला निघाल्या, मी म्हटलं राहू दे, तिनं त्याच्यापायी आय घालवली, चित्र तरी राहू दे. आणि तिला सांगायला लागले, थांबलेत सगळे, कुणी पेटी बंद केली नाही. त्यानं ती शांत व्हायची, पण बॅग खाली ठेवायची नाही.

एका रविवारी मी खूप दमले होते, तिच्या खुर्चीत बसल्या बसल्या डोळा लागला. आय गेली तेव्हा पन्नाशीची होती, पण कामानं सत्तरीची दिसायची, मी आता तशी दिसते. पावलं वाजली तशी मी जागी झाले, पण डोळे उघडायच्या आत ती माझ्यावर वाकलेली. आमच्यात माती द्यायच्या आधी घरचे सगळे एकेक करून कपाळाला ओठ टेकतात. तिनं टेकले. थंड होते. म्हणाली, आय, मी आले, उशीर झाला, मला माफ कर. मी डोळे उघडले नाहीत, श्वास पण घेतला नाही बघ. ती पलंगावर जाऊन बसली, कोट काढला, बॅग ठेवली, आणि नर्सनं सूप आणलं ते सगळं प्यायली.

मी तिला माफ केलं का, मला नाही माहीत, तू मला विचारू नको. आयनं केलं असेल. सोमवारपर्यंत तिनं परत बॅग भरलेली असते. म्हणून मी दर रविवारी जाते, आधी कॉम्युनियन देते, मग त्या खुर्चीत डोळे मिटून बसते. कधी ती येते. कधी विसरते, खिडकीतनं बाहेर बघत बसते. त्या दिवशी मी जरा जास्तच वेळ थांबते.