हळदीच्या दिवशी आलेला कागद

सत्तावन साली बऱ्हाणपूर स्टेशनच्या तिकीट रांगेत एक सूतव्यापारी आणि त्यांची बायको माझ्या मागे उभे होते.

“अहो, इतकी घाई कशाला? मुंबईच्या कोर्टात तारखेला सांगा, सूत कुजकं निघालं म्हणून.”

“तसं नसतं, मथुरा. पैसे देईन म्हणून हुंडीवर माझी सही आहे. वकील म्हणाले, आधी बोलायची परवानगी मागा. कागद हाती पडल्यापासून दहा दिवसांत. नाहीतर आपलं न ऐकताच निकाल.”

“मग आहेत की दिवस. कालच तर दिला मी तुम्हाला.”

“काल तू दिला. घरी आला कधी?”

“हळदीच्या दिवशी. मांडव उतरेपर्यंत कोर्टाचा कागद कोणी फोडतं का? देवामागे ठेवला होता.”

“हळदीला? अगं, आज तेरा दिवस झाले! घेतला कोणी?”

“तुम्हीच. न बघता सही केली, शिपायाला पंगतीत बसवलं, वर म्हणालात, पाहुण्यांना अजून दोन लाडू वाढा.”