येसूबाचा घास

ए टोपीवाल्या, बस खाली. बस म्हणते न्हवं! ट्रॅक्टर काय पळून जात न्हाई तुझा. काय म्हणालास मगाशी? गुळाच्या ढेपा भरल्या की जुन्या वेशीच्या वाटंनं सुटतो, जवळ पडतं? लई जवळ पडतं बाबा. इतकं जवळ, की माणूस घरी येतच न्हाई परत!

हसू नका रं. ते चिपाड सारा चुलवाणात, जाळ कमी झालाय. आणि नकट्या, काहिलीतला जरा गूळ दे हिकडं, पानावर. ह्यो एवढा खडा मी बाजूला ठेवते. कुणासाठी? कळंल. ऐका आता, आणि मधी मधी तोंड घालू नका.

आपली आरगुंदी आज माळावर दिसती तुम्हाला. बाजारपेठ, एष्टी स्टँड, दवाखाना, सगळं. पर पहिलं गाव खाली वड्याच्या अंगाला हुतं. भवतीनं दगडी तट आणि त्याला मोठी वेस. वेशीवर येसूबा नावाचा वेसकर. दिवेलागण झाली की येसूबा दार लावणार. मग उशिरा कोण आलं तर आतनं इचारणार, "कोण हाय? आत कुणाकडं?" भाईरच्यानं गावातल्या माणसाचं नाव सांगायचं. येसूबा काठी आपटत त्येच्या घरी जाणार, त्येला उठवून आणणार. त्या माणसानं तोंड बघून "व्हय, आमचाच हाय, मी जामीन" म्हटलं, तर दार उघडणार. न्हाईतर बस भाईर उजाडंपातूर! पाटलाच्या जावयालासुद्धा बसवलं हुतं म्हणं, सासरा झोपंतनं उठला न्हाई म्हणून.

मग पिलेग आला. उंदरं पडली, मागनं माणसं पडाय लागली. सगळं गाव उठून माळावर झोपड्या घालून राह्यलं. जाताना मोठी माणसं येसूबाला म्हणाली, "आम्ही परत येईस्तोवर घरं राख. जामिनाबिगर कुणाला आत सोडू नको." येसूबा म्हणाला, "जी."

आणि गाव परत गेलंच न्हाई! माळावरच घरं बांधली. पर येसूबाला कुणी सांगाय गेलं का, की बाबा, पहारा उठला, ये आता? कुणी न्हाई. सगळ्यांना जीव प्यारा. एक कोरव्याची बाई तेवढी, बुट्ट्या विणणारी, लांबनं दगडावर भाकरी ठेवून यायची. मग तिलाबी गावानं बंदी घातली. येसूबा बसल्या जाग्याला गेला. इतकी वर्सं झाली, पर मला अजून राग येतो ह्या गावाचा. येऊ नये का?

त्या बाईनं घरात एक चाल पाडली. जेवाय बसलं की पहिला घास ताटाभाईर काढायचा, येसूबाच्या नावानं. बाई गेली, तिचं पोर गेलं, नातू शिद्राम घरचा कर्ता झाला, तरी घास निघायचाच. शिद्रामाची लेक काढायची, रोज, न चुकता. सात-आठ वर्साची पोर.

काय? नाव काय तिचं? तुला काय करायचंय तिच्या नावाशी? शिद्राम गेला, येसूबा गेला, गेलेल्याचं नाव घ्यायला भ्याव न्हाई. जित्याचं नाव रात्री घेऊ नये. मी तुम्हाला टोपीवाल्या, नकट्या म्हणते ते काय उगंच?

तर ऐका. श्रावणातली रात. शिद्रामाच्या लेकीला ताप भरलेला. असा ताप, की कपाळावर हात ठेववंना. पोर बडबडाय लागली. शिद्राम चालत तालुक्याला गेला, डागदराला गाठला. डागदर म्हणाला, "ह्या गोळ्या ने, आणि रात्रीच्या रात्री पोटात गेल्या पायजेत. सकाळपर्यंत थांबू नको." झालं! शिद्रामानं पुडी टोपीत घातली, टोपी डोक्याला घट्ट दाबली आणि निघाला.

फाट्यावर आला तवा काळोख दाट झालेला. सडकेनं गेलं तर डोंगराला वळसा, घरी पोचाय उजाडलं असतं. आणि जुन्या वेशीतनं सरळ! वेस तर पडलेली. दोन बुरूज उभे, मधी मोकळं. दार कवाच कुजून गेलेलं. दिवसा तिथनं शेरडं जातात, तुम्ही बघितलंय न्हवं? शिद्रामाला ठाऊक हुतं सगळं. त्या वाटंनं रात्री जायचं न्हाई, गेलाच तर कुणाचं नाव घ्यायचं न्हाई. पर तिकडं पोर तापलीय! कोण थांबंल? शिरला वाटंत.

बुरजापाशी आला आणि थांबला. पुढं दार!

दार, बाबांनो! हे थोरलं, लोखंडी खिळ्यांचं, बंद. ज्या वेशीला चौकट न्हाई, तिला दार! शिद्रामानं हात लावला. गार लाकूड. आणि पलीकडनं आवाज आला... ठक. ठक. ठक. काठी.

"कोण हाय?"

शिद्रामानं हात काढून घेतला.

"कोण हाय? आत कुणाकडं?"

नाव घ्यायचं न्हाई, हे त्येच्या ध्यानात हुतं. मग हळूच बाजूला सरला आणि तटाच्या कडंनं निघाला. मनात म्हणाला, कुठंतरी खिंडार असंलच की. काट्यातनं गेला, धोतर फाटलं, ढोपर फुटलं. लई येळ चालला. आणि बघतोय तर पुढं दार! तेच दार, तेच खिळे. परत फिरला, उलटा चालला. पुन्हा दार! सडकेकडं जायचं म्हणून पाठ करून पळाला, तर तोंडावर दार!

"नाव सांग की गा," आतनं आवाज. आता आवाज मऊ झालेला, घरच्यावाणी. "सांग आणि जा. कोण अडवतंय तुला?"

शिद्रामानं डोकं चालवलं. मनात म्हणाला, मेलेल्याचं नाव सांगू, त्येला काय हुतंय! ओरडला, "माझा बा काडाप्पा! त्येच्याकडं!"

ठक, ठक, ठक. काठी लांब गेली. पार लांब. शिद्राम दाराला कान लावून उभा, घाम पुसतोय. मग काठी परत आली. सावकाश.

"काडाप्पा घरात न्हाई. घरातबी न्हाई, गावातबी न्हाई." आवाज एकदम दाराला चिकटून! "खोटं बोलतोस? आता पुन्हा खोटं बोललास तर मीच तुझं घर हुडकतो. एकेक दार वाजवून हुडकतो."

शिद्राम मटकन खाली बसला. टोपी चाचपली, पुडी हाय. आणि तेवढ्यात... ए, सरकून बसा रं, मागं काय बघताय? तेवढ्यात दारापलीकडनं त्येच्या बायकोचा आवाज. "आवं, कवाचं वाट बघतोय आम्ही! पोर डोळं उघडंना. सांगा की नाव, उघडतील ते दार." हुबेहूब तीच! शिद्रामानं दोन्ही कानात बोटं घातली. बोटातनंबी ऐकू येतंय. आणि मग खोकला. लहान पोराचा, बारीक, कोरडा खोकला.

"आप्पा, मला हाक मार की. हाक मारली की मी येते."

काय करंल वो बाप? तुम्हीच सांगा! तोंड उघडलं त्येनं. लेकीच्या नावाचं पहिलं अक्षर पडलं भाईर. पडलंच!

ठक.

आवाज पडक्या गावाकडं न्हाई गेला. वर, माळाकडं गेला. नव्या आरगुंदीकडं. ठक. एक पाऊल.

 बोललेलं अक्षर गिळता येतंय व्हय? म्हणून त्येनं जीव खाऊन दुसरंच नाव घेतलं. कसं सुचलं, कुठनं सुचलं, त्येलाच ठाऊक न्हाई. रोज ताटापाशी ऐकलेलं नाव, तेच तोंडातनं आलं.

"येसूबा! येसूबा माझा जामीन! त्यो आत हाय. त्येला इचार!"

काठी थांबली.  बायको गप, खोकला गप.

मग आतनं आवाज आला. म्हाताऱ्या माणसाचा, दमलेला. "कोण येसूबा?"

आपलं नाव विसरला हुता रं त्यो! इतक्या वर्सात कुणी हाकच मारली न्हवती.

"वेशीवरचा येसूबा," शिद्राम रडत म्हणाला. "माझ्या आजीनं भाकरी दिली त्यो. त्येच्या नावानं आमच्यात अजून घास निघतोय. त्यो गाव सोडून गेला न्हाई. हितंच हाय. बघ जा."

कायदा म्हणजे कायदा. नाव सांगितलं तर हुडकायला जायला पायजे. काठी वळली. ठक, ठक, आत निघाली. आणि पडक्या गल्लीतनं आवाज याय लागला, एकेका दाराशी, "येसूबा हाय का घरात? येसूबा हाय का वो?" पुढच्या दाराशी पुन्हा, "येसूबा हाय का?" कोण बोलणार! घरं कवाच पडलेली.

शिद्रामानं वर बघितलं. दार न्हवतं. नुसते दोन बुरूज.

पळाला! चपला तिथंच टाकल्या. पडक्या भिंतीतनं, निवडुंगातनं पळाला. गाव संपत आलं. शेवटल्या घराच्या जोत्यापाशी कंदील. कंदील धरून कोणतरी पाठमोरं उभं. शिद्राम शेजारनं जाणार, तर ते वळलं न्हाई, नुसतं बोललं. मायेनं, बरं का, अगदी मायेनं.

"घास कोण काढतंय रं? चांगलं पोर असंल. नाव काय त्येचं?"

आणि शिद्रामाच्या जिभंवर उत्तर आलेलं! मायेनं इचारलं की माणूस सांगून बसतो, तसलाच ह्यो डाव हुता. का डाव न्हवता, खरंच इचारलं, देव जाणे. शिद्रामानं जीभ दातात धरली. अशी धरली की रक्त आलं. तोंडातनं रक्त गळतंय आणि माणूस माळ चढतोय!

घरी आला तर काय? दार सताड उघडं. उंबऱ्यात पोर उभी, डोळं मिटलेलं, एक पाय भाईर. आणि आई तिच्या कमरंला मिठी मारून ओढतीय. आई म्हणाली, "मगाशी झोपंतनं उठली आणि चालायच लागली. म्हणती, मला जामीन राहायला बोलावलंय." कवा उठली? अवो, त्या पहिल्या अक्षराला! सगळं नाव गेलं असतं भाईर, तर आईच्यानं आवरली असती का?

गोळ्या दिल्या. उजाडता घाम फुटला आणि ताप उतरला. वाचली पोर. शिद्रामाच्या जिभंला खाच पडली ती मरंपातूर राह्यली. आणि त्या दिवसापासनं पोरीचं नाव कुणी घेतलं न्हाई. आईनं न्हाई, बापानं न्हाई. काठी एक पाऊल चालून आलेली, ती तिथंच उभी हाय, पुढचं ऐकायला. साळंतबी घातली न्हाई तिला, हजेरीला नाव पुकारतात म्हणून. लई रडली पोर साळंसाठी. लग्नात नवऱ्यालासुद्धा नाव कानात सांगितलं.

तवा त्या वाटंनं जायाचं न्हाई! दिवसा जावा, शेरडं न्या. दिवा लागल्यावर न्हाई. वळसा पडू दे, डिझेल जळू दे.

काय रं टोपीवाल्या?  आता तुला एक इचारते. ह्या गुऱ्हाळावर तुम्ही जन्मल्यापासनं येताय. मी तुमच्या आयांच्या बाळंतपणाला हुते. सांगा बघू, माझं नाव काय?

आठवा की. आक्का? आक्का हे काय नाव हाय व्हय? सारं गाव म्हणतंय आक्का. नाव काय?

न्हाईच ठाऊक. कुणालाच ठाऊक न्हाई. एका माणसाला कानात सांगितलेलं, त्यो दोन सालामागं गेला.

कधी कधी लई वाटतं रं, मरायच्या आधी एकदा कुणीतरी नावानं हाक मारावी. तवा येसूबाचं दुःख कळतं मला. म्हणून ह्यो गुळाचा खडा. ठेव रं नकट्या, त्या दगडावर ठेव, भाईर. आणि ठेवताना तोंडानं मोठ्यानं म्हण, "येसूबा, घे." त्येला तरी त्येचं नाव ऐकू जाऊ दे.

जा आता. टोपीवाल्या, सडकेनं जा. आणि वाटंत आठवण झाली, तर नुसतं आक्का म्हण.