स्क्रीनच्या मागची पट्टी

“हॅलो?… कोण?… कोण पवन? आमच्या दुकानात तीन पवन येतात. एकाचा प्रिंटर हाय, एकाचा… अच्छा. पवनदादा. इंझोरीचा… नाई नाई, आवाज ओळखू आला नाई. नंबर? पुसला होता… हाव, मुद्दामच पुसला होता. बोल.”

राधिकाने चहाचा ग्लास खाली ठेवला. शेलूबाजारच्या हायवेला लागून असलेल्या कॅन्टीनमध्ये ती दहा वाजल्यापासून बसली होती. आणि रस्त्यापलीकडच्या मंगल कार्यालयात, जेमतेम शंभर पावलांवर, कॉम्प्युटर गेमच्या स्पर्धेला आलेला तिचा हा चुलतभाऊ फोन कानाला लावून उभा होता. त्याला वाटत होतं, ती कारंज्यात आहे, मोहनसिंगच्या कॉम्प्युटर दुरुस्तीच्या दुकानात. वाटू दे. चौदा महिन्यांनी त्याला बहीण आठवली होती. अडला हरी गाढवाचे पाय धरी म्हणतात. गाढव व्हायला राधिकाची आज काही हरकत नव्हती. लाथ कधी मारायची ते शेवटी गाढवच ठरवतं.

“हाव, ऐकून राह्यली ना… लायटी? कायच्या लायटी?… अच्छा, कीबोर्डच्या. सगळं पांढरंच दिसून राह्यलं? ट्यूबलाइटसारखं?… अरेरे… गेमसंगं रंग बदलत नाई… माह्यापाशी बदलायचे, हाव. अंगात जीव असला की हिरवं, मार खाल्ला की पिवळं, मराले टेकलं की लाल. गोळ्या संपल्या की निळं लुकलुक करे… मले काय सांगतं? मीच बसवलं होतं ते.”

तिनेच बसवलं होतं. लायटीच काय, अख्खं मशीन तिने स्वतःच्या हाताने जोडलं होतं. वडलांबरोबर वावरात वांगी तोडून, पहाटे सांभाराच्या, म्हणजे कोथिंबिरीच्या, जुड्या बांधून, त्यांच्या मागे लागून लागून एकेक भाग आणला होता. तेव्हा पवन आणि ती एकाच संघात खेळत. नेम तिचा, तोंड त्याचं. मग जिल्ह्याच्या स्पर्धेत संघातून एकालाच पुढे जायला मिळणार असं ठरलं, आणि पवनचं पोट दुखायला लागलं. पोळ्याच्या दिवशी, बैल दारात उभे असताना, तो पुंजाजींच्या म्हणजे राधिकाच्या वडलांच्या कानाशी लागला. काका, पोरगी कानाला हेडफोन लावून कुठकुठल्या पोट्ट्यांशी बोलते, बरं दिसत नाई. ते पोट्टे म्हणजे तो स्वतः आणि त्याचे दोन मित्र, हे मात्र त्याने सांगितलं नाही. पुंजाजी ओरडले नाहीत. पवनलाच म्हणाले, “घेऊन जाय तू हे डबडं.” आणि तो खरंच घेऊन गेला. आयत्या बिळावर नागोबा. ते आठवलं की राधिकाची कानशिलं अजून तापत.

“बरं, आधी हे कर. कीबोर्डवर खाली, डाव्या कोपऱ्यातून दुसरी कळ. दाब… दबत नाई?… चिकटली? काय सांडलं होतं?… कुंकू?… मोठ्या मायनं? खंडेनवमीले?… अरे देवा! विळ्या-कुऱ्हाडीसंगं कीबोर्ड बी मांडला पूजेत! अन् हळदी-कुंकू वाहून वरतून पाणी शिंपडलं… मंग चिकटणारच ना, दादा! त्याच कळीनं तं लायटी बदलतात… नाई, मोठ्या मायचं काई चुकलं नाई. तिनं पूजा तरी केली मशीनची.”

मोठी माय म्हणजे पवनची आई. तुझ्यासारखं पळवलं तर नाही, हे वाक्य राधिकाने चहाच्या घोटाबरोबर गिळलं.

“शर्टले बिल्ला लावला असंल ना तुमाले?… त्याची टाचणी काढ. कळीच्या कडंकडंनं खरव. उलीसं उलीसं, विहीर नाई खंदायची तुले… निघाला भुगा?… फुंक मार… आता दाब… दबली? शाब्बास. मशीन कुठी ठेवलं?… टेबलं समोरासमोर? काहून?… अच्छा. कुस्तीसारखं. पाहुण्याइले दोघाइची तोंडं दिसली पाह्यजे… म्हंजे तुह्या स्क्रीनची पाठ त्याच्याकडं… बरं… बरं…”

दुसऱ्या ‘बरं’ला तिचा आवाज जरा वेगळाच निघाला. कारण समोर बसणार होती ती.

फायनलपर्यंतच्या लढती घरबसल्या, इंटरनेटवरून झाल्या होत्या. कोणी कोणाचं तोंड पाहिलेलं नव्हतं. मोहनसिंगच्या दुकानात दुरुस्त होऊन पडलेल्या गिऱ्हाइकांच्या मशीनवर, “टेस्टिंग करते” म्हणून, राधिकाने चौघांना लोळवलं होतं. आणि खेळात तिने नाव घेतलं होतं, सांभारवडी.

“समोर कोण हाय तुह्या?… काय नाव?… सांभारवडी!… असंल कोणी अकोल्याकडचा पोट्टा… चावून खातो म्हणतं? खाय. गरम हाय तवरक खाय… हसत नाई, ठसका लागला. हे सांग दादा, ती लांब पट्टी हाय का अजून, लायटीची? मी स्क्रीनच्या मागं चिकटवणार होती ती?… डब्यातच? आणली ना? मंग लाव की! आता नाई लावशील तं कधी, लग्नात?… मागं. स्क्रीनच्या पाठीले. लोकाइले दिसली पाह्यजे ना… हाव, तोंड समोरच्याकडं.”

पट्टीचं तोंड समोरच्याकडे म्हणजे राधिकाकडे. पवनचा जीव किती उरला, त्याच्या गोळ्या कधी संपल्या, सगळं त्याचीच पट्टी तिला रंगारंगाने सांगणार होती. निळं लुकलुकलं की समजायचं, बंदूक रिकामी, घाल उडी. पोळ्याला कानात जाऊन चुगली केली होती ना? आज त्याचंच मशीन त्याची चुगली करील. तिला इतका आनंद झाला, की तिने कॅन्टीनवाल्याला खूण करून आणखी एक चहा मागवला.

“मशीन बंद केलं?… कॅबिनेट उघड. पट्टीची वायर अंदर जाईल. तिथी दोन जागा हायेत, एक तीन टोच्यांची, म्हंजे पिनांची, एक चार टोच्यांची… दिसली?… हाव, पट्टी जाते दोन्हीतबी, पण… चारच्या जागेत…”

चारच्या जागेत लावली असती तर पट्टी तिथल्या तिथे जळाली असती, वर धूर. मोह झाला. पण धुराने पवन नुसता घाबरला असता, हरला नसता.

“चारच्या जागेत नको लावू, जळते. तीनच्या जागेत. बाण खुणेकडं… बसली? चालू कर मशीन. आता लायटीवालं सॉफ्टवेअर उघड… उडवलं? काहून उडवलं?… जागा खाऊन राह्यलं होतं! मंग लायटी काय उदबत्तीनं पेटवशील?… उतरव परत. मोबाइलचं नेट दे त्याले… नाई, मी काई कामात नाई. बसली हावो निवांत.”

हायवेवरून एक एसटी हॉर्न वाजवत, धुरळा उडवत गेली. तो हॉर्न पवनला रस्त्यावरूनही ऐकू आला असणार आणि फोनमधूनही. राधिकाने पटकन फोनवर हात धरला.

“हॉर्न?… आमच्याइकडं बी रस्ता हाय, दादा. कारंजात का बैलगाड्या चालतात?… झालं उतरवून? यादीत कीबोर्ड, माउस, पट्टी, तिन्ही दिसतात?… आता गेमची यादी पाह्य. आपल्या गेमच्या पुढचं बटण चालू. आता गेममंधी जाऊन लायटीले परवानगी दे… नाई, आवाजाच्या खाली… त्याच्या बी खाली… हाव, तेच. गेम बंद करून परत उघड. अन् उलीसा मार खाऊन पाह्य. भिंतीवरून उडी टाक… पिवळं? अजून एक टाक… लाल! गोळ्या झाड साऱ्या… लुकलुक?… अन् मागची पट्टी बी?… जाय, पलीकडं जाऊन पाह्य… दिसते ना? चांगली ठसठशीत दिसते? दिवसाउजेडी बी?… मंग झालं तर.”

फोनमधून टाळ्या ऐकू आल्या. पवनभोवती पोरं जमली होती वाटतं. तो सगळ्यांना सांगत होता, “मीच बसवलं, सोपं असते.” राधिकाने डोळे मिटून घेतले. टाळ्या वाजवून घे भाऊ, तासाभराने बघू.

“हाव, हाय मी… कोण आलं?… बाबा?… माह्ये बाबा?… तू बलावलं?… पहिल्या लाइनीत…”

ती उभीच राहिली. दुकानाचं काम म्हणून शेलूबाजारला जाते, एवढंच ती घरी सांगून निघाली होती. मंगल कार्यालयाच्या दारातून आतल्या खुर्च्या अर्धवट दिसत होत्या, आणि एका खुर्चीवर खांद्यावर दुपट्टा टाकलेली ओळखीची पाठ. पवनने पुंजाजींना गाडीवर बसवून आणलं होतं, आपला पराक्रम दाखवायला. तुमीच दिलेल्या मशीनवर जिंकतो पाहा काका. चौदा महिन्यांत वडलांनी त्या मशीनचा विषय काढला नव्हता, आणि तिनेही नाही. आता ती आत गेली तर त्यांच्यासमोरच बसून खेळावं लागणार होतं.

“नाई, काई झालं नाई. बोल… हाव, तू जिंकशीलच… मंगरूळपीरले? वोल्टेज कमी होतं, सांगतलं होतं तू… वाशिमले खुर्ची डगमगे… हाव, अन् त्याच्या आधी माउसले घाम. ऐकलं मी, दादा. साऱ्या गावानं ऐकलं.”

नाचता येईना अंगण वाकडं, हा पवनचा जुना रोग. पण आज ऐकताना राधिकाचं मन तिथेच अडकलं. आज तो हरेल. मग उद्या नाही तर परवा, कोणीतरी शहाणा त्याला सांगेल की बाबा, तुझी पट्टीच समोरच्याला रंग दाखवत होती. आणि ती पट्टी लावायला कोणी सांगितलं? राधीनं. मग पवन मरेपर्यंत सांगत फिरेल, वावरात, लग्नात, पारावर, की राधीनं लबाडी करून हरवलं. वडलांनाही सांगेल. आणि या वेळी तो खोटं बोलत नसेल.

ते तिला सोसवेना. दया आली म्हणून नव्हे, उगाच गैरसमज नको. दयेचा पत्ताच नव्हता. तिला त्याला हरवायचं होतं, आणि पुरतं हरवायचं होतं.

“दादा… ऐक. लायटी बंद कर… साऱ्या… अरे ऐक ना मंग! मागच्या पट्टीचं तोंड कोणाकडं हाय?… समोरच्याकडं. तू मराले टेकला की ती काय होते? लाल. गोळ्या संपल्या की निळी. समोरचा का आंधळा बसला हाय?… हाव. हाव, मीच लावायले लावली. मुद्दाम… काहून म्हंजे? समोर मी बसणार हावो. सांभारवडी मीच.”

फोनमध्ये पोरांचा गलका तेवढा.

“हॅलो?… हाय का?… थट्टा नाई. त्या चौघाइले मीच हरवलं, गिऱ्हाइकाच्या मशीनवर… कारंजात नाई. समोरच्या कॅन्टीनमंधी हावो. दारात ये, हात दाखवते.”

तो दारात आला. फोन कानाला, तोंड उघडं. राधिकाने खरंच हात दाखवला.

“काकाले सांगतं? सांग ना. पहिल्याच लाइनीत बसले हायेत, लांब बी जायचं नाई… पोळ्याले तू सांगतलं तवा मी अंदरच्या खोलीत रडत बसली. आज मी येऊन राह्यली त्याइच्याच समोर. तू आधी सांगतं का मी सांगू?… काय?… चूक झाली? कानात नको सांगू, दादा. कानात चुगली सांगतात. चूक चारचौघाइत सांगायची असते, माइक हाय तिथी… मशीन वापस देतो?… आज नको देऊ. आज त्याच्यावरच खेळ. चांगलं मशीन हाय. खुर्ची हालवून पाह्य. वोल्टेज तपासून घे. माउस पुसून घे. मले आयोजकाचं कोणतं बी डबडं चालते. हरल्यावर तुह्यापाशी सांगायले एक बी कारण नाई उरलं पाह्यजे, म्हणून म्हणते, लायटी बंद कर.”

माइकवरून पुकारा झाला. पवन, इंझोरी. सांभारवडी कोण, त्यांनी हजेरी लावावी. पुंजाजींनी मान वळवून दाराकडे पाहिलं. सांभारवडी नावाचा माणूस कसा असतो, ते पाहावं म्हणून असेल. राधिकाने पिशवी खांद्याला लावली.

“पुकारलं ना. जाय आता, बंद कर लवकर… काय?… बंद कसं करायचं?…”

तिला हसू आलं नाही. इतका राग आला, की वडलांसमोर बसायची धास्तीही ती विसरली.

“राहू दे. हात नको लावू त्याले. मी येते. माह्यावालं मशीन हाय ते, कोठून बंद होते ते मले माहीत हाय.”

तिने फोन ठेवला आणि रस्ता ओलांडला.