चौऱ्याण्णव सालची ओळ

(कुलारा गावातल्या लॉन बोल्स, म्हणजे हिरवळीवर गोळे घरंगळवायच्या खेळाच्या क्लबचा हॉल. भिंतीवर अध्यक्षांच्या नावांचा लाकडी फलक, त्याची शेवटची ओळ रिकामी. समोर क्लबच्या नव्या अध्यक्ष ग्लेनिस आणि छपाईच्या दुकानातला डेक्लन, हातात तिच्या नावाची छापील पट्टी.)

ग्लेनिस : हे ट्रेव्हरसारखं दिसतंय.

डेक्लन : नाव तुमचंच आहे. ग्लेनिस ओट्स.

ग्लेनिस : वाचता येतं मला. दिसण्याचं बोलतेय. फलकावर चाळीस माणसं आहेत आणि तू मला नेमके ट्रेव्हरचे कपडे घातलेस.

डेक्लन : तेच सांगायला आलोय. फलकावरचा फॉन्ट शोधायचा होता. ट्रेव्हरचं नाव खिडकीजवळ, उजेड बरा, म्हणून त्याचा फोटो काढून फॉन्ट ओळखणाऱ्या साइटवर टाकला. चार सेकंदांत उत्तर आलं. जुना, विकतचा फॉन्ट. तुमचं नाव त्यात लावलं, इथे आणून धरलं, तर ते फक्त ट्रेव्हरशी जुळतंय.

ग्लेनिस : आणि बाकीच्यांशी?

डेक्लन : कुणाशीच नाही. मग बाकीच्यांचेही फोटो टाकले. तर एका सर्कशीच्या जाहिरातीचा फॉन्ट सुचवला.

ग्लेनिस : बाकीचे अध्यक्ष पाहता फार चुकलं नाही ते.

डेक्लन : तो फॉन्ट नाहीच. फलक रंगवणारा मर्व्ह प्रत्येक नाव स्वतः हातानं काढायचा.

ग्लेनिस : एकाहत्तर सालापासून. गावात कुणीही सांगितलं असतं.

डेक्लन : तुम्हालाच विचारलं होतं. तुम्ही म्हणालात, त्या माणसाबद्दल मला विचारू नकोस.

ग्लेनिस : असेन म्हणाले.

डेक्लन : जूनमध्ये तो गेला, तेव्हा अंत्यविधीलाही तुम्ही नव्हतात.

ग्लेनिस : गुडघा दुखत होता.

डेक्लन : त्या दुपारी तुम्ही इथे खेळत होतात. आई सांगत होती.

ग्लेनिस : तुझ्या आईला फार लांबचं दिसतं. ऐक. चौऱ्याण्णव साली मी उभी होते, ट्रेव्हरविरुद्ध. एका मतानं पडले. कुणी कुणाला मत दिलं ते माणसागणिक पाठ आहे मला. सगळा हिशेब लागतो, एक मर्व्ह सोडून.

डेक्लन : तो तसं म्हणाला?

ग्लेनिस : म्हणायला कशाला हवं? त्या संध्याकाळी ट्रेव्हरचं नाव रंगवलं, ब्रश धुतले आणि माझ्याकडे न बघता घरी गेला. मग मीही बोलणं सोडलं.

डेक्लन : किती दिवस?

ग्लेनिस : जूनपर्यंत.

डेक्लन : एकट्या ट्रेव्हरचंच नाव विकतच्या अक्षरात का, ते विचारायला मी केरिनकडे गेलो होतो. मर्व्हची मुलगी.

ग्लेनिस : मुलगी कुणाची ते माहीत आहे.

डेक्लन : ती म्हणाली, क्लबची रीतच तशी. मतं मोजली की चहा होईस्तोवर नाव फलकावर लागलं पाहिजे.

ग्लेनिस : लागायचंच. चहाबरोबरचे स्कोन थंड व्हायच्या आत.

डेक्लन : तेवढ्या वेळात अक्षरं आखून होत नाहीत. म्हणून जो निवडून येईल असं वाटे, त्याचं नाव मर्व्ह आठवडाभर आधीच कागदावर काढून ठेवायचा. रेषांवर सुईनं भोकं पाडायचा. कागद फलकावर धरायचा, वरून खडूच्या भुकटीची पुरचुंडी आपटायचा, अक्षर उमटलं की सोनेरी रंग भरायचा. ते सगळे कागद त्याच्या गॅरेजमध्ये आहेत, सालवार.

ग्लेनिस : त्यात ट्रेव्हरचाही असणार.

डेक्लन : नाही. ट्रेव्हरचं नाव त्यानं ऐन वेळी छापील अक्षरांच्या नमुन्याच्या पुस्तकातून गिरवलं. चौऱ्याण्णवच्या गुंडाळीत हा निघाला.

ग्लेनिस : उजेडात धर.

डेक्लन : धरलाय.

ग्लेनिस : ग्लेनिस हार्कर. तेव्हा हार्करच होते मी.

डेक्लन : त्यानं मत कुणाला दिलं, ते यावरून सिद्ध होत नाही.

ग्लेनिस : मी विचारलं नाही.

डेक्लन : केरिन म्हणते, एवढ्या वर्षांत त्याचा अंदाज तेवढाच चुकला. तोंड दाखवायची लाज वाटत होती त्याला. पुढे वाटलं, तुम्ही रागावलात.

ग्लेनिस : रागावलेच होते.

डेक्लन : एक विचारू? हार्करचं मत तुम्ही कुणाकडे धरलं होतं?

ग्लेनिस : नवऱ्याचं मत कोण मोजतं? ते आपलंच असतं.

डेक्लन : हं.

ग्लेनिस : हं काय?

डेक्लन : काही नाही.

ग्लेनिस : त्या रात्री त्यानं स्वतःहून भांडी घासली होती. आख्ख्या संसारात एकदाच. मला वाटलं, वाईट वाटतंय बिचाऱ्याला.

डेक्लन : रविवारी हंगाम सुरू होतोय. विकतच्या फॉन्टमधलं नाव मी उद्या चिकटवून देतो. सोपं आहे, स्वच्छ दिसेल.

ग्लेनिस : आणि हा कागद?

डेक्लन : त्यातलं ग्लेनिस तेवढं घेता येईल. ओट्स नव्यानं काढावं लागेल. मला ते येत नाही, मी अक्षरं निवडतो, काढत नाही. केरिन काढेल. बापाच्या हाताखालीच शिकलीय. पण ती म्हणते, तुम्ही विचारायला हवं.

ग्लेनिस : फोनवर?

डेक्लन : ते नाही बोलली.

ग्लेनिस : अंत्यविधीला न गेलेल्या माणसानं तीन महिन्यांनी काय घेऊन जायचं असतं?

डेक्लन : माहीत नाही. हा कागद न्या. पुढे ओट्स बसतंय का, ते तिला मोजायचंय.