जबान्या झाल्या तवा मी चुलीपाशी

माझं माहेर येडशीचं, बाप ठेसनात पाणी भरायचा, आणि बाई, लिहिताय तर लिहा, पण उठायच्या आधी सगळं वाचून दाखवायचं, न्हायतर पुढचं काही सांगणार न्हाय. नवरा गेल्यावर मी उस्मानाबादेला दाईचं काम शिकले आणि भूमच्या पलीकडं एका सरकारी दवाखान्यात लागले. गावाचं नाव सांगत न्हाय, ती माणसं अजून हायत. राज्य तवा निजामाचं.

दवाखान्यात डॉक्टरसाहेब, एक कंपाउंडर आणि मी. हिवतापाच्या दिवसांत कपाटातली कोयनेलच्या गोळ्यांची अख्खी बरणी गेली. कंपाउंडर म्हणला, दाई कपाटापाशी दिसली. अवो, कापूस त्याच कपाटात, मी रोजच तिथं दिसणार. डॉक्टरसाहेब गप. गप माणसाचा मला लई संशय येतो, अजूनबी.

मग वरून एक अंमलदार आला चौकशीला. वट्ट्यावर टेबल मांडलं आणि मला म्हणला, बाई, लांबून आलोय, जरा चहा ठेवा. मी उठले. काय सांगू तुम्हाला, सवयच तशी, साहेबानं चहा म्हणलं की दाईनं उठायचं. मागच्या आवारात चूल पेटंना, लाकडं ओली, फुंकून फुंकून डोळे लाल झाले, आणि चहा घेऊन आले तर डॉक्टर आणि कंपाउंडर, दोघांच्या जबान्या लिहून झालेल्या. उर्दूतला कागद पुढं सरकवला, म्हणला इथं अंगठा. म्या दिला. पंधरवड्यात बरतरफीचा हुकूम आला, नोकरी गेली, खोली गेली.

उस्मानाबादेत एक म्हातारे वकीलसाहेब हुते, त्यांच्या सुनेचं बाळंतपण म्या केलेलं, तेवढ्यावर ते हैदराबादच्या अदालतीत उभे राहिले. कागद वाचून म्हणले, यात लिहिलंय, दाई हजर हुती, तिनं कुणाला काही विचारलं न्हाय. आणि म्हणले, बरणी कुणी नेली ते न्यायाधीश बघणार न्हाय, चौकशी नीट झाली का एवढंच बघतील. मला वाटलं, हाबी त्यांचाच माणूस.

पण अंमलदारानं अदालतीत लेखी दिलं, आमचा बाईवर राग न्हवता, जबान्या चालू असताना तिनं आम्हाला आनंदानं चहा करून दिला. भलेपणा दाखवायला लिहिलं बघा त्यानं. न्यायाधीशांनी चष्मा वर केला, विचारलं, चूल कुठं हाय? वकीलसाहेब म्हणले, मागच्या आवारात, हुजूर. मग बाई हजर कशी? सरकारी वकील कागदं चाळत बसला. बरतरफी रद्द, नोकरी परत, चौकशी नव्यानं, बाईसमोर.

त्या चौकशीत मी जागची हलले न्हाय. कंपाउंडरला विचारलं, मला बरणी नेताना बघितलं का? म्हणला, बघितलं न्हाय, वाटलं. त्याच्या वाटण्यात माझी तीन वर्षं गेली. कागदावर आलं, आरोप शाबीत न्हाय. दाईनं चोरली न्हाय असं कुठं लिहिलं न्हाय, म्या दोनदा दुसऱ्याकडनं वाचून घेतलं.

आता राज्य बदललं, दवाखाना तोच. परवा एका घरी बाळंतपणाला गेले, तर मी पायरी चढायच्या आत सासू खोलीतली पेटी बाहेर ओढायला लागली. जड पेटी, म्हातारी पार वाकली. म्या म्हणलं, आक्का, एका अंगानं मी धरू का? न्हाय न्हाय म्हणली, तुम्ही आत बघा. पोरगी झाली, धडधाकट. उदंड आयुष्य मिळू दे तिला. मी अंगण ओलांडलं तवाच पेटी आत गेली. म्या वळून बघितलं, तवा दिसलं.